दुर्बिणीचा आणि आमचा वाढदिवस

आमच्या लग्नाला पंचवीस वर्षं झाली तेव्हा ह्यांनी मला ढगाचा फोटो दिला.

वर्तमानपत्रात गुंडाळून, वर सुतळी बांधून आणला होता. आकार बघून मला वाटलं, भिंतीवरचं घड्याळ असेल. जुनं बंद पडून बरेच महिने झाले होते आणि मी ते अनेकदा बोलून दाखवलं होतं. कागद सोडला तर आत लॅमिनेट केलेला फोटो. काळ्यावर तांबूस-निळा धूर, आणि मधोमध कुणाच्या तरी हातून साखर सांडावी तसे तारे.

“हे काय?”

“ओळख बघू.”

“कुठं आग लागली होती का?”

ह्यांचा चेहरा पडला. “अगं, आपल्या दुर्बिणीनं काढलाय. तिलाही पंचवीस झाली ना.”

आपल्या दुर्बिणीनं! जशी काही ती आमच्या दिघीच्या घराच्या गच्चीवर, पाण्याच्या टाकीशेजारी बसवली होती.

आमचा आणि त्या दुर्बिणीचा संबंध एवढाच, की आमच्या डोक्यावर अक्षता पडल्या त्याच आठवड्यात ती आकाशात सोडली गेली. तेव्हापासून ती पृथ्वीभोवती फिरते आहे आणि लांबलांबच्या ताऱ्यांचे फोटो काढते आहे. ती चालवणारी मंडळी दरवर्षी एप्रिलमध्ये तिच्या वाढदिवसाला एखादा खास फोटो जगाला दाखवतात. तो फोटो आला की ह्यांच्या दृष्टीनं आमच्या लग्नाचा वाढदिवस साजरा झाला. साडी नाही, गजरा नाही, बाहेर जेवायला जाणं नाही. एका वर्षी मी स्पष्टच विचारलं, “मला काय?” तर म्हणाले, “हे काय थोडं आहे? एवढ्या लांबचं आहे ते!” लांबचं असलं म्हणजे भारी, हे गणित मला आजतागायत कळलेलं नाही. माझं माहेर औशाजवळ आहे, तेही लांबच आहे. तिकडे जायचं म्हटलं की ह्यांची पाठ धरते.

लोक मला म्हणतात, तुम्ही शिक्षिका, तुम्हाला तर हे आवडत असेल. मी आधी बालवाडीत आणि मग महापालिकेच्या शाळेत पहिली-दुसरीच्या मुलांना शिकवण्यात नोकरी काढली. मला चंद्र आवडतो. तो दिसतो, वाढतो, कमी होतो, मुलांना दाखवता येतो. दिघीच्या गच्चीवरून बाकी काही दिसायचं नाहीच. भोसरी आणि चाकणकडच्या दिव्यांनी सगळं आभाळ पिवळट. त्या पिवळ्या आभाळाकडे बोट करून हे पाहुण्यांना सांगणार, “इथं, बरोबर इथं, एक आकाशगंगा आहे.” पाहुणे मान वर करून उभे. खाली चहावर साय.

हे वेड लागलं ते ह्यांच्या कामामुळे. भोसरीच्या एका कंपनीत हे ग्राइंडिंग मशीनवर होते. गिअरबॉक्समधले शाफ्ट घासून अगदी बारीक मापात आणायचे. केसाचे पन्नास भाग करा आणि त्यातला एक घ्या, असल्या मापाचं काम. आणि त्या दुर्बिणीचा आरसा नेमका तेवढ्यानंच चुकला होता. वर गेल्यावर पहिले फोटो आले ते सगळे धूसर. तपास केला तेव्हा कळलं की आरसा घासला होता उत्तम, इतका उत्तम की विचारू नका, पण ज्या यंत्रानं त्याचा आकार मोजत होते ते यंत्रच चुकीचं जोडलेलं होतं. म्हणजे चुकीचा आकार अगदी अचूक घासला! तीन वर्षांनी माणसं वर गेली, चष्मा लावावा तशी काहीतरी दुरुस्ती केली, आणि मग तिला स्वच्छ दिसायला लागलं.

ही गोष्ट हे कुणालाही सांगतात. दूधवाल्याला सांगितली आहे. रक्त तपासायला आलेल्या माणसाला, त्यानं सुई टोचलेली असताना सांगितली आहे. मुलाचं लग्न ठरवताना मुलीकडचे कांदेपोहे खात होते, तेव्हा तिच्या वडिलांना आरशापासून दुरुस्तीपर्यंत सगळी सांगितली. मी टेबलाखालून पाय दाबत होते. तो चुकून त्या गृहस्थांचाच निघाला. बिचारे जाताना मला म्हणाले, “मुलगा चांगला आहे. वडील... अभ्यासू आहेत.”

तिसाव्या वर्षी लॉकडाऊन होता. त्या वर्षीच्या फोटोत एक मोठा लाल ढग आणि कोपऱ्यात छोटा निळा. ह्यांनी सकाळी उठल्या उठल्या तो सगळ्या नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकला आणि खाली काहीच लिहिलं नाही. थोड्या वेळात बार्शीहून ह्यांच्या थोरल्या बहिणीचा, म्हणजे आक्कांचा, फोन. “आरं, ह्योच का त्यो कोरोना? लई मोठा दिसतोय की.” पाठोपाठ ह्यांच्या चुलतभावाचा फोन, की असले भीतीदायक फोटो टाकू नका, घरात म्हातारी माणसं आहेत. दिवसभर हे फोनवर खुलासे करत बसले. संध्याकाळी मीच रव्याचा शिरा केला आणि मीच म्हटलं, “लग्नाच्या वाढदिवसाच्या शुभेच्छा.” “हो हो, तुलाही,” म्हणाले आणि परत फोन कानाला.

एवढं सगळं सांगायचं कारण म्हणजे गेल्या एप्रिलमध्ये झालेला आमचा पस्तिसावा वाढदिवस.

मुलगा आणि सून ताथवड्याला राहतात. दोघांनी ठरवलं, यंदा कार्यक्रम करायचाच. मी नको म्हटलं, पण ते वरवरचं नको होतं आणि सुनेला ते कळलं. तिनं चऱ्होलीत एक लॉन बघितलं, जेवणाचा बेत ठरवला, माझ्यासाठी मोरपंखी पैठणी घेतली. ह्यांच्यावर मुलानं एकच काम सोपवलं: स्टेजवर आमच्या खुर्च्यांच्या मागे लावायचं फ्लेक्स. “बाबा, तुम्हाला हवं तसं करा,” असं तो म्हणाला. मी त्याच्याकडे बघितलं, पण वाक्य बाहेर पडून गेलं होतं.

आणि नेमकं यंदा दुर्बीणवाल्यांनी एकाऐवजी चार फोटो दिले. हे दोन दिवस जेवले नाहीत धड. एक मंगळ ग्रहाचा. मी म्हटलं, “लग्नाच्या कार्यक्रमात मागं मंगळ लावून बसायचं? आक्का स्टेजवर पाय ठेवणार नाहीत.” मंगळ बाद. दुसरा पतंगासारखा, पंख पसरलेला. तो मला बरा वाटला होता, तर ह्यांनाच वाटलं की पतंग म्हटलं की दिव्यावर पडून मरणं आलं. तिसऱ्यात काळे धुळीचे लोट. चाकणच्या रस्त्यावर रोज दिसतात तसले. त्यासाठी आकाशात जायला नको. राहिली चौथी, एक आकाशगंगा. मधे पांढरा उजेड आणि बाजूनं फिरत गेलेले हात. “हीच,” हे म्हणाले. मी म्हटलं, “लावा बाई, काय लावायचं ते.” वैतागले की मी नवऱ्यालाही बाई म्हणते.

फ्लेक्सच्या दुकानात मला बरोबर नेलं. भोसरीत पुलाखाली दुकान, भरदुपार, पंखा फक्त मशीनच्या दिशेला. चारी बाजूंना कुणाकुणाच्या वाढदिवसांचे हात जोडलेले चेहरे. दुकानदार तिशीतला, नांदेडकडचा, बोलायला गोड. त्यानं आकाशगंगा स्क्रीनवर घेतली, थोडा वेळ मान वाकडी करून बघितली आणि म्हणाला, “काका, हे मधे पांढरं हाय ना, तिथं तुमचा नि काकूंचा फोटो टाकू. मागून असं तेज येतंय, देवावानी दिसताल.”

“तिथं हात लावायचा नाही,” हे म्हणाले. “तिथं अब्जावधी सूर्य आहेत.”

“असतील की काका. पण लोकं तुम्हाला बघायला येणार का सूर्याला?”

पस्तीस वर्षांत माझ्या मनातलं इतकं नेमकं कुणी बोललं नव्हतं. मी त्याच्याकडे कौतुकानं बघितलं. ह्यांनी माझ्याकडे रागानं बघितलं.

मग मजकुरावर वाद. दुकानदाराला गुलाबाची फुलं हवी होती, दोन बदाम हवे होते, आमची नावं सोनेरी अक्षरांत हवी होती. हे एकेक खोडत गेले. “जेवढी अक्षरं तेवढे तारे झाकले जाणार. नावं कशाला? येणारे सगळे आपल्याला ओळखतात.” शेवटी, खाली एकच ओळ टाकायची असं ठरलं. ती ओळ ह्यांनी दुकानदाराला फोनवर लिहून पाठवली. मी तोवर बाहेर येऊन उसाचा रस पीत होते. आत थांबले असते तर पुढचं रामायण टळलं असतं.

कार्यक्रमाच्या संध्याकाळी आम्ही लॉनवर पोहोचलो तेव्हा दिवे लागले होते. पैठणीत मी घामानं निथळत होते, पण आरशात स्वतःला बघून आले होते आणि बरी दिसत होते, हे मला माहीत होतं. गेटमधून आत शिरले आणि समोर स्टेजभर ती आकाशगंगा. खरं सांगते, क्षणभर मीही थबकले. एवढं मोठं केल्यावर ते काहीतरी वेगळंच दिसत होतं. मग माझी नजर खालच्या ओळीवर गेली. मास्तरणीची नजर, ती आधी अक्षरांवरच जाते.

“३५ व्या वाढदिवसानिमित्त हार्दिक शुभेच्छा.”

“अहो,” मी म्हटलं, “लग्न कुठं गेलं?”

“कोणतं लग्न?”

“आपलं! ‘लग्नाच्या’ हा शब्द कुठं आहे?”

ह्यांनी चष्मा वर केला, खाली केला. “राहिला वाटतं.”

“राहिला?”

“अगं, कळतं गं लोकांना.”

लोकांना अजिबात कळलं नाही. मुलगा स्टेजजवळ उभा होता. कडक इस्त्रीचा कुर्ता, वय तेहतीस. पहिल्यांदा त्याच्या कंपनीतले मित्र आले, त्यांनी फ्लेक्स वाचलं आणि त्याच्या हातात गुच्छ देऊन मिठ्या मारल्या. “हॅपी बर्थडे भावा! पस्तीस वाटत नाही राव!” तो नाही नाही म्हणेपर्यंत मागचे पुढे. सुनेच्या मावशीनं त्याला पाकीट दिलं आणि औक्षणाचं ताट मागितलं. साउंडवाल्यानं माणसं कुणाला मिठ्या मारतायत ते बघितलं आणि वाढदिवसाचं गाणं लावून दिलं. आम्ही दोघं स्टेजवर दोन सिंहासनांत बसलेलो, आणि लोक आमच्या समोर येऊन आम्हाला नमस्कार करून मुलाचं अभिनंदन करत होते. एक बाई तर मला म्हणाल्या, “पस्तिसाव्या वर्षी एवढा मोठा वाढदिवस करताय, नवस बोलला होता का?”

मी हसले. जबडा दुखायला लागला तरी हसत राहिले. शेजारी हे मागे वळून वळून फ्लेक्स बघत होते आणि मला सांगत होते, “ते डाव्या हाताला निळे ठिपके दिसतायत ना, ते नवे तारे आहेत.”

“मला दिसत नाहीत. माझी मान वळत नाही, अंबाडा बांधलाय.”

शेवटी मुलगा वर आला. “बाबा, तुम्हीच माइकवर सांगा काय ते. मी थकलो.” त्यानं गाणं बंद करायला लावलं आणि ह्यांच्या हातात माइक दिला. ह्यांच्या हातात माइक! काड्यांना टोचलेले पनीरचे तुकडे तेवढे फिरत होते, जेवणाचे काउंटर अजून झाकलेले. लोक भुकेले, आणि भुकेल्या माणसांसमोर आता आरशाची गोष्ट येणार, हे मला स्पष्ट दिसत होतं.

“मंडळी,” हे म्हणाले, “वाढदिवस माझ्या मुलाचा नाही. आमच्या लग्नाचा आहे. आणि एका दुर्बिणीचाही.”

लोक हसले. मी डोळे मिटले.

आली, सगळी गोष्ट आली. सोडली केव्हा, आरसा केवढा, फोटो धूसर कसे आले, केसाचा पन्नासावा भाग. ह्यांच्या कंपनीतले जुने दोघे-तिघे मान हलवत होते. बाकीचे झाकलेल्या काउंटरकडे बघत होते. मी हळूच म्हटलं, “अहो, आवरा.” माइकनं माझं ‘आवरा’ उचललं आणि ते सगळ्या लॉनवर ऐकू गेलं. मोठा हशा झाला. हे थांबले. मला वाटलं, संपलं एकदाचं.

“आवरतो,” हे म्हणाले. “एकच सांगायचंय. त्या आरशात दोष नव्हता, मोजणारं यंत्र चुकीचं होतं. तशी आमच्या लग्नाला पहिली तीन वर्षं माझं मोजणारं यंत्र चुकीचं होतं. हिला बालवाडीत शिकवायला बोलावणं आलं होतं. मी नको म्हटलं. एकदा नाही, तीनदा. पेपरात दुरुस्तीची बातमी वाचली तेव्हा मला उमगलं, की चूक मोजण्यात आहे. त्या दिवशी घरी जाऊन हिला म्हटलं, तू जा शिकवायला.”

काउंटरकडे वळलेल्या माना परत स्टेजकडे फिरल्या.

हे खरं होतं. नको म्हटलं होतं, तीनदाच. लग्नाच्या वेळी माझी बारावी आणि शिक्षिकेचा कोर्स दोन्ही झालेलं होतं. दिघीतल्या एका खोलीत आम्ही दोघं आणि सासूबाई. बालवाडी चालवणाऱ्या बाई दारापर्यंत येऊन विचारून गेल्या. “आमच्यात बायका नोकरी करत नाहीत,” असं हे म्हणाले आणि शिफ्टला गेले. पुढच्या वर्षी तेच, त्याच्या पुढच्या वर्षी तेच. मी भांडले नाही. तेव्हा भांडता येत नव्हतं. दुपारी शेजारच्या पोरांना जमवून मी त्यांना अंगणात खडूनं अक्षरं काढून दाखवायचे, आणि सासूबाई ती पुसून टाकायच्या. मग एका संध्याकाळी, मुलगा दीड-दोन वर्षांचा असताना, हे कामावरून आले, पाय धुतले आणि म्हणाले, “त्या बालवाडीचं काय झालं? जा हवं तर.” बस, एवढंच. का, कसं, काही नाही. मीही विचारलं नाही, विचारलं तर परत नको म्हणतील, ही भीती. पस्तीसातली बत्तीस वर्षं मी हे मनात ठेवलं होतं. त्यावर ह्यांनी एक शब्द कधी काढला नव्हता. आणि आता काढला तो माइकवर, दुर्बिणीला जोडून, पनीरच्या काड्यांच्या मधे, शे-दोनशे लोकांसमोर!

डोळ्यांत पाणी आलं हे खरं. पण ते आनंदाचं होतं असं कुणी समजू नये. निम्म्याहून जास्त संतापाचं होतं. सुनेनं येऊन माझ्या खांद्यावर हात ठेवला. लोक टाळ्या वाजवायला लागले.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून आक्का उठल्या. वय ऐंशीच्या जवळ, आवाज चाळिशीतला. माइकची त्यांना गरज नसते.

“खोटं बोलतोय! आरं, पेपर कुठला? संक्रांतीला म्या आले हुते तवा म्या झापलं हुतं तुला! चुलीपाशी बसवून झापलं हुतं! म्हटलं, शिकल्याली बायकू घरात बसवून तिचं लोणचं घालणार हायस का?”

असा हशा मी आयुष्यात ऐकला नाही. साउंडवाला खाली वाकून हसत होता. ह्यांनी माइक बाजूला केला, परत तोंडाजवळ आणला, काही बोलणार तेवढ्यात सुनेनं तो शांतपणे काढून घेतला आणि म्हणाली, “जेवण तयार आहे.” इतकं वेळेवर वाक्य कुणी बोललं की मला ते माणूस कायमचं आवडतं.

जेवताना माझ्या ताटाभोवती बायकांचा घोळका. कुणी म्हणत होतं, किती भाग्यवान तुम्ही, सगळ्यांसमोर कबूल केलं. कुणी म्हणत होतं, आक्कांचं खरं की ह्यांचं? मलाही तेच जाणून घ्यायचं होतं. आक्कांच्या शेजारी बसून मी विचारलं, “खरंच झापलं होतं?”

“मग? तू पाण्याला गेली हुतीस तवा. तुला म्हाईत न्हाई?”

“कुणी सांगितलंच नाही मला.”

“सांगायचं काय त्यात?” आक्कांनी जिलबी मोडली. “काम झालं की न्हाई?”

दुसऱ्या दिवशी सकाळी आक्का आंघोळीला गेल्या होत्या. हॉलमध्ये ते फ्लेक्स गुंडाळून ठेवलेलं होतं. सोफ्यापासून स्वयंपाकघरापर्यंत आडवं, ओलांडूनच जावं लागत होतं. मी चहाचे कप घेऊन ओलांडलं आणि ह्यांच्यासमोर बसले.

“एक विचारते, खरं सांगा. पेपर की आक्का?”

हे कपात बघत राहिले. “दोन्ही.”

“दोन्ही म्हणजे?”

“आक्कानं झापलं, हे खरं. मी तेव्हा तिच्यावर चिडलो. दोन दिवस बोललो नाही तिच्याशी. त्याच आठवड्यात कंपनीत जेवणाच्या सुट्टीत कुणाच्या तरी डब्याखाली तो पेपर होता. ती बातमी वाचली. मग वाटलं...”

“काय वाटलं?”

“वाटलं की आक्का बरोबर बोलली. पण बहिणीनं झापलं म्हणून बायकोला पाठवलं, असं कसं सांगायचं? म्हणून तेव्हा काहीच सांगितलं नाही.”

“आणि काल सांगितलंत ते?”

“काल जरा जोडून सांगितलं. आक्काला गाळलं.”

“लग्नाला गाळलंत, आक्कांना गाळलंत. तुमच्या त्या फ्लेक्सवर कुणाला जागा आहे का?”

मला थांबता येत नव्हतं. “आणि मला सांगायचं होतं तर मला सांगायचं. इथं, ह्या खुर्चीवर बसून. माइक कशाला लागला तुम्हाला?”

“घरी तू मला बोलू देत नाहीस.”

“मी? मी बोलू देत नाही? पस्तीस वर्षं आरशाची गोष्ट ऐकतेय मी!”

“तेच ना,” हे म्हणाले. “ती सांगायला लागलो की तू आत जातेस. मला दर वेळी वाटायचं, आता सांगावं, ह्याच्या पुढंच सांगावं. तोवर तू कुकर लावायला गेलेली असतेस.”

म्हणजे सगळी वर्षं तो दूधवाला, तो रक्त तपासणारा, ते व्याही, सगळे त्या गोष्टीचा पहिला भाग ऐकत होते, आणि दुसरा भाग माझ्यासाठी होता, आणि तो मी ऐकला नाही हा दोषही माझाच! अशी माणसं असतात. माफी मागतानासुद्धा तुमच्याच अंगावर काहीतरी टाकून जातात.

“मी आज कुठं जात नाही,” मी म्हटलं. “कुकर लावायचा नाही. कालचं उरलंय. बोला.”

हे अवघडले. कप खाली ठेवला, परत उचलला. “बोललो की काल.”

“ते लोकांना. आता मला.”

“चुकलं माझं,” हे म्हणाले. भिंतीकडे बघून म्हणाले, पण म्हणाले. “तीन वर्षं गेली तुझी. आईनं पुसलेली अक्षरं मी बघितली होती. कामाला जाताना अंगणात अर्धवट दिसायची. मी बघून न बघितल्यासारखं केलं.”

हे मात्र मला माहीत नव्हतं. ती अक्षरं ह्यांच्या नजरेला पडत होती, हे कधी मनातही आलं नव्हतं. मी उठून कप विसळले, कारण काहीतरी करायला हवं होतं.

आक्का न्हाणीघरातून केस पुसत बाहेर आल्या, त्या गुंडाळीला अडखळल्या आणि ओरडल्या, “ह्ये काय अजगर आणून टाकलंय मधी?” मग वाकून कोपरा उलगडला, अंगठ्यानं घासून बघितला. “कापड दणकट हाय की. मला दी. कडब्यावर टाकायला हुईल.”

हे एकदम उठले. “कडब्यावर? आक्का, ती आकाशगंगा आहे!”

“हाय तर हाय. कडब्याला काय कळतंय?”

“अगं, तू तरी सांग हिला.”

मी कप पालथे घातले. “घेऊन जा आक्का,” मी म्हटलं. “आणखी दोरी देऊ का बांधायला?”

दुपारच्या एसटीच्या टपावर ते फ्लेक्स बार्शीला गेलं. हे स्टँडवर सोडायला गेले होते आणि तोंड पाडून परत आले. येताना मात्र गजरा आणला होता. शाळेत शिकवत असताना आणायचा सोडून आता, निवृत्त होऊन घरात बसल्यावर. मी माळला. माळून स्वयंपाकघरात गेले, तर मागून आवाज आला, “ऐकतेस का, त्या चारांतला तो पतंगासारखा आहे ना, तो मी तुझ्या मोबाइलच्या स्क्रीनवर टाकून ठेवलाय.”

अजून आहे तो. कसा काढायचा, ते मला येत नाही.